निवेदकाविना माहितीपट : फ्रेडरिक वाइजमन यांची निरीक्षणरीत

भारतातील प्रेक्षकांच्या किमान दोन पिढ्यांनी माहितीपट पाहिला तो मुख्य चित्रपट सुरू होण्यापूर्वी, चित्रपटगृहाच्या अंधारात. १९४८ मध्ये मुंबईत स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे लघुपट दाखवणे चित्रपटगृहांवर बंधनकारक होते. पडद्यावर धरण, कारखाना, पूर, लसीकरण यांची दृश्ये असत आणि त्यांवर एक भारदस्त आवाज असे. काय पाहायचे, त्याचा अर्थ काय लावायचा आणि त्याबद्दल काय वाटून घ्यायचे, हे तो आवाज सांगत असे. या पद्धतीत एक व्यावहारिक सोयही होती. देशात भाषा अनेक. चित्रे तीच ठेवून निवेदन तेवढे बदलले की तोच माहितीपट मराठीत, तमिळमध्ये किंवा बंगालीत तयार होई. त्यामुळे माहितीपट म्हणजे चित्रांना जोडलेले निवेदन, अशी समजूत आपल्याकडे खोलवर रुजली.

हा आवाज पूर्णपणे काढून टाकला तर काय उरते? निवेदक नाही, मुलाखती नाहीत, पार्श्वसंगीत नाही, पडद्यावर माणसांची नावे व हुद्दे लिहिणाऱ्या पट्ट्या नाहीत. उरतात ती बोलणारी, वाट पाहणारी, भांडणारी, कागद भरणारी माणसे. अमेरिकेतील स्वतंत्र माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमन यांनी १९६७ पासून अर्धशतकाहून अधिक काळ चाळीसहून अधिक चित्रपट याच रीतीने केले. या रीतीला 'निरीक्षणात्मक माहितीपट' म्हटले जाते. मात्र 'निरीक्षण' या शब्दाने एक गैरसमजही निर्माण होतो. दिग्दर्शक काही बोलत नाही, म्हणजे त्याला काही म्हणायचे नाही, असे अनेकांना वाटते. वाइजमन यांचे काम पाहिले तर वस्तुस्थिती नेमकी उलट असल्याचे दिसते.

कायद्याचा प्राध्यापक, हाती मायक्रोफोन

वाइजमन यांचा जन्म १ जानेवारी १९३० रोजी बोस्टन येथे झाला. शिक्षण कायद्याचे. पुढे ते बोस्टन विद्यापीठात कायदा शिकवू लागले. त्यांचे विद्यार्थी उद्याचे सरकारी वकील आणि न्यायाधीश होते. एखाद्याला शिक्षा सुनावली की तो माणूस प्रत्यक्षात कोठे जातो, हे या विद्यार्थ्यांनी डोळ्यांनी पाहावे, म्हणून ते त्यांना तुरुंगांत व तत्सम संस्थांत घेऊन जात. मॅसॅच्युसेट्स राज्यातील ब्रिजवॉटर येथील संस्था त्यांपैकीच एक. गुन्ह्याचा आरोप असलेल्या किंवा शिक्षा झालेल्या मनोरुग्णांना तेथे ठेवले जाई. नावापुरते रुग्णालय, कारभार मात्र तुरुंग खात्याचा.

चित्रपटाशी त्यांचा संबंध त्यापूर्वीच आला होता. न्यूयॉर्कच्या हार्लेम भागातील तरुणांवरील 'द कूल वर्ल्ड' या १९६३ च्या कथाचित्रपटाचे ते निर्माते होते. दिग्दर्शन शर्ली क्लार्क यांचे होते. त्यानंतर त्यांनी स्वतः दिग्दर्शन करण्याचे ठरवले आणि विषय म्हणून ब्रिजवॉटरची निवड केली. तेथे प्रवेश मिळवण्यासाठी त्यांना बराच पत्रव्यवहार व पाठपुरावा करावा लागला. अखेर १९६६ मध्ये परवानगी मिळाली आणि २९ दिवस चित्रीकरण झाले. त्यातून ८४ मिनिटांचा 'टिटिकट फॉलीज' तयार झाला. त्याच्या वाट्याला आलेल्या बंदीची हकिगत पुढे येईल. तत्पूर्वी त्यामागील कामाची रीत समजून घेणे आवश्यक आहे.

१९५० च्या दशकापर्यंत आवाजासह चित्रीकरण करणे म्हणजे अवजड यंत्रसामग्री, तारा, दिवे आणि माणसांचा ताफा. अशा लवाजम्यासमोर कोणीही सहजपणे वागणे शक्य नव्हते. १९६० च्या सुमारास खांद्यावर घेता येणारे, आवाज न करणारे १६ मिलिमीटरचे कॅमेरे आणि त्यांच्याशी तंतोतंत जुळून चालणारे 'नाग्रा'सारखे ध्वनिमुद्रक उपलब्ध झाले. त्यांच्या साहाय्याने रॉबर्ट ड्रू, रिचर्ड लीकॉक, डी. ए. पेनबेकर व मेसल्स बंधू यांनी अमेरिकेत नव्या तऱ्हेचे माहितीपट केले. जॉन केनेडी यांच्या प्रचारावरील १९६० चा 'प्रायमरी' हा त्यांतील आरंभीचा टप्पा. फ्रान्समध्ये ज्याँ रूश यांचे प्रयोग याच सुमारास सुरू होते.

वाइजमन यांनी यंत्रे तीच घेतली, पण रोख बदलला. ड्रू आणि त्यांचे सहकारी प्रसिद्ध व्यक्ती शोधत. निवडणूक, शर्यत, खटला अशी आपोआप शिगेला पोहोचणारी घटना शोधत. वाइजमन यांच्या चित्रपटात नायक नसतो. नायक असते ती संस्था. शाळा, पोलीस दल, रुग्णालय, बाल न्यायालय, कल्याण कार्यालय, लष्करी प्रशिक्षण तळ, विधिमंडळ, ग्रंथालय. नागरिक आणि सत्ता यांची रोजची गाठ जेथे पडते अशी ही ठिकाणे. टेबलाच्या एका बाजूला नियम असतो, दुसऱ्या बाजूला गरज असते, आणि मध्ये एक अर्ज.

चित्रीकरण हाच अभ्यास

विषय ठरल्यानंतर वाइजमन त्या ठिकाणी महिनोन्महिने पूर्वतयारी करीत बसत नसत. पटकथा नसे, गृहीतकांची यादी नसे. चित्रीकरण हाच आपला अभ्यास, अशी त्यांची भूमिका होती. यामागील कारण साधे आहे. तयारीसाठी गेले आणि त्या दिवशी काही विलक्षण घडले, तर ते हातचे जाते. उद्या पुन्हा घडा असे कोणाला सांगता येत नाही.

पथक तीन माणसांचे. एक छायाचित्रकार, एक साहाय्यक आणि स्वतः वाइजमन. दिग्दर्शक कॅमेऱ्यामागे असेल अशी आपली कल्पना असते. येथे तो मायक्रोफोन हाती घेऊन ध्वनिमुद्रण करीत असतो. या निवडीला अर्थ आहे. कॅमेऱ्याच्या भिंगातून पाहणाऱ्याला चौकटीतले दिसते. ध्वनिमुद्रकाला संपूर्ण खोली दिसते व ऐकू येते. कोणाचे बोलणे आता महत्त्वाच्या वळणावर येत आहे, कोण गप्प बसला आहे, कोण उठून जाण्याच्या बेतात आहे, हे ओळखून ते मायक्रोफोनच्या हालचालीने आणि ठरलेल्या खुणांनी छायाचित्रकाराला दिशा देत. विल्यम ब्रेन आणि त्यांच्यानंतर जॉन डेव्ही यांनी त्यांच्यासोबत दीर्घकाळ काम केले. साहाय्यकाचे काम फिल्मच्या डब्या बदलून देण्याचे. १६ मिलिमीटरची एक डबी जेमतेम ११ मिनिटे चाले, त्यामुळे नेमक्या क्षणी डबी संपण्याची धास्ती कायम असे. पुढे डिजिटल चित्रीकरण आल्यावर ही धास्ती गेली, पण पथक तेवढेच राहिले.

चित्रीकरण साधारणपणे चार ते बारा आठवडे चाले. अतिरिक्त दिवे लावायचे नाहीत, कोणाला पुन्हा करून दाखवा म्हणायचे नाही, प्रश्न विचारायचे नाहीत. संमती मात्र घ्यायची. चित्रीकरणाच्या आधी किंवा लगेच नंतर काय चालले आहे ते समजावून सांगायचे आणि त्या व्यक्तीचा होकार ध्वनिमुद्रित करायचा. कोणी नको म्हटले तर तो भाग वापरायचा नाही.

येथे प्रत्येक वाचकाच्या मनात येणारा प्रश्न असा, की समोर कॅमेरा असताना माणसे खरी वागतात का? वाइजमन यांना हा प्रश्न आयुष्यभर विचारला गेला. बहुतेक माणसांना आपले वागणे ठरवून बदलता येत नाही, तसे येत असते तर चांगल्या नटांचा इतका तुटवडा पडला नसता, अशा आशयाचे उत्तर ते देत. उत्तरात विनोद आहे, पण त्यामागे निरीक्षणही आहे. माणूस जे करतो ते योग्यच आहे अशी त्याची समजूत असते. मग लपवायचे कशासाठी?

कॅन्सस सिटीच्या पोलीस दलावरील 'लॉ अँड ऑर्डर' (१९६९) मध्ये याचा अस्वस्थ करणारा पुरावा मिळतो. वेश्याव्यवसायाच्या संशयावरून पकडलेल्या एका महिलेचा गळा पोलीस अधिकारी कॅमेऱ्यासमोर आवळतो. ती तसे बोलून दाखवते, तेव्हा असे काही घडलेच नाही, तो तुझा भास होता, असे तिला सांगितले जाते. कॅमेरा तेथेच आहे. अधिकाऱ्याला त्याची अडचण वाटत नाही, आणि प्रेक्षकाला हादरवते ती हीच गोष्ट. त्याच चित्रपटात हरवलेल्या एका चिमुरडीला जवळ घेऊन तिची काळजी घेणारा पोलीसही दिसतो. १९६८ मध्ये शिकागो येथे डेमोक्रॅटिक पक्षाच्या अधिवेशनाबाहेर पोलिसांनी केलेली मारहाण जगाने पाहिली होती. पोलिसांचे पितळ उघडे पाडावे या हेतूनेच आपण निघालो होतो, पण त्यांच्या गाडीतून फिरू लागल्यावर ती समजूत टिकली नाही, असे वाइजमन यांनी नंतर मोकळेपणाने सांगितले. चित्रीकरण हाच अभ्यास, या म्हणण्याचा अर्थ येथे स्पष्ट होतो.

खरा निर्णय संकलनाच्या टेबलावर

एका चित्रपटासाठी जमा होणारे चित्रण साधारणतः ८० तासांपासून दोन-अडीचशे तासांपर्यंत असे. त्यातून दोन, तीन, क्वचित सहा तासांचा चित्रपट करायचा. हे काम वाइजमन स्वतः करीत आणि त्याला आठ महिने ते वर्षभर लागे. प्रथम सर्व चित्रण पाहून प्रत्येक प्रसंगाला ते तारांकन देत, उपाहारगृहांना तारे देणाऱ्या फ्रेंच मार्गदर्शिकेच्या धर्तीवर. (२०२३ मध्ये त्यांनी फ्रान्समधील तीन तारे मिळवलेल्या त्रुआग्रो कुटुंबाच्या उपाहारगृहावर चार तासांचा माहितीपट केला, हा योगायोग गमतीचा आहे.) निम्मे चित्रण या टप्प्यावरच बाजूला पडे. मग सुटे प्रसंग एकेक करून घडवले जात, आणि शेवटी त्यांचा क्रम लावला जाई.

क्रम लावणे म्हणजेच मत मांडणे. कोणता प्रसंग कोणत्या प्रसंगानंतर येतो, कोणाच्या चेहऱ्यावर दृश्य थांबते, कोणाचे वाक्य अखेरचे ठरते, यातून दिग्दर्शकाचे म्हणणे उभे राहते. वाइजमन यांनी आपण वस्तुनिष्ठ असल्याचा दावा केला नाही. 'सिनेमा व्हेरिते' ही बिरुदावली त्यांना भपकेबाज वाटे. प्रसंग खरे असतात, पण त्यांची रचना कादंबरीसारखी असते, असे ते मानत. प्रत्यक्षात तासभर चाललेले संभाषण चित्रपटात पाच मिनिटांचे होते आणि ते सलग घडल्यासारखे वाटते. हा संक्षेप प्रामाणिक आहे की नाही, याची जबाबदारी सर्वस्वी दिग्दर्शकावर असते.

फिलाडेल्फियातील एका शाळेवरचा 'हाय स्कूल' (१९६८) या दृष्टीने अभ्यासण्याजोगा आहे. शाळा नावाजलेली. वर्गात कविता शिकवल्या जातात, मुलींच्या पोशाखाची लांबी तपासली जाते, न केलेल्या चुकीची शिक्षा निमूट स्वीकारण्याचा उपदेश एका मुलाला केला जातो. कोठेही मारझोड नाही, आरडाओरडा नाही. अखेरच्या प्रसंगात व्हिएतनामच्या युद्धात उतरण्याच्या तयारीत असलेल्या एका माजी विद्यार्थ्याचे पत्र वाचून दाखवले जाते. आपण नेमून दिलेले काम करणारे केवळ एक शरीर आहोत, असे त्याने स्वतःबद्दल लिहिले आहे. पत्र वाचणाऱ्या बाईंना त्यात शाळेचे यश दिसते, आणि त्या क्षणी चित्रपट संपतो.

दिग्दर्शकाने एक शब्दही उच्चारलेला नाही. पण हे पत्र शेवटी ठेवल्याने आधीच्या सत्तर मिनिटांचा अर्थ बदलतो. गणवेश, घंटा, रांगा आणि शिस्त या सर्वांची अखेर कोठे होते, हे प्रेक्षकाने स्वतः जोडायचे असते. सर्वच प्रेक्षक ते जोडत नाहीत. शालेय कारभारातील एका सनातनी विचारांच्या पदाधिकारी महिलेला हा चित्रपट म्हणजे उत्तम शाळेचे उत्तम दर्शन वाटले, ही हकिगत वाइजमन सांगत असत. या रीतीची ताकद आणि तिची मर्यादा या एकाच हकिगतीत दिसते. निवेदक असता तर गैरसमजाला वाव राहिला नसता. परंतु मग प्रेक्षकाला विचार करण्याचे कारणही उरले नसते.

चोवीस वर्षांची बंदी

'टिटिकट फॉलीज' हे नाव ब्रिजवॉटर येथे रुग्ण व रक्षक मिळून दरवर्षी सादर करीत असलेल्या करमणुकीच्या कार्यक्रमाचे. चित्रपटाचा आरंभ आणि शेवट या कार्यक्रमातील गाण्यांनी होतो. मधल्या भागात जे दिसते ते करमणुकीचे नाही. नग्नावस्थेत रिकाम्या कोठडीत ठेवलेली माणसे. खोली घाण का ठेवलीस, असे पुन्हा पुन्हा विचारून एका वृद्धाला डिवचणारे रक्षक. आपण वेडे नाही, येथे ठेवल्यानेच आपली प्रकृती बिघडत आहे, असे मुद्देसूद सांगणारा एक तरुण. आणि त्याचा हा मुद्देसूदपणा आजाराचे लक्षण ठरवून औषधाची मात्रा वाढवण्याचा निर्णय घेणारे डॉक्टर.

सर्वाधिक चर्चा झाली ती एका प्रसंगाची. अन्न नाकारणाऱ्या रुग्णाच्या नाकातून नळी घालून त्याला सक्तीने अन्न दिले जाते. नळीवरील नरसाळ्यात द्रव ओतणाऱ्या डॉक्टरच्या तोंडात सिगारेट आहे आणि तिची राख आता पडेल की मग, अशी स्थिती. या दृश्यांच्या मधे मधे वाइजमन यांनी त्याच माणसाच्या मृतदेहाची दाढी करून त्याला दफनासाठी तयार करतानाची दृश्ये जोडली. जिवंतपणी मिळाले नाही ते लक्ष त्याला मृत्यूनंतर मिळाले, हा अर्थ उघड आहे. पुढे स्वतः वाइजमन यांनाच ती जोडणी प्रमाणाबाहेर ठळक वाटू लागली. नंतरच्या चित्रपटांत ते असे करीत नाहीत. प्रसंग अखंड ठेवतात आणि त्याला जागा देतात.

१९६७ च्या शरद ऋतूत न्यूयॉर्क चित्रपट महोत्सवात तो दाखवला जाण्यापूर्वीच मॅसॅच्युसेट्स सरकारने तो रोखण्याचा प्रयत्न केला. वृत्तपत्रांतील परीक्षणे छापून आल्यानंतर मिनेसोटातील एका समाजसेविकेने राज्याच्या गव्हर्नरांना पाठवलेल्या पत्राने प्रकरणाला तोंड फुटले होते. राज्याचे महान्यायवादी एलियट रिचर्डसन न्यायालयात गेले. चित्रीकरणाची परवानगी मिळवण्यात वाइजमन यांना ज्यांचे साहाय्य झाले होते, तेच हे रिचर्डसन. त्या वेळी ते लेफ्टनंट गव्हर्नर होते. रुग्णांच्या खासगीपणाचा भंग झाला आणि परवानगीच्या अटी मोडल्या गेल्या, असे राज्याचे म्हणणे. प्रत्येकाची वैध लेखी संमती नव्हती. अंतिम मान्यतेचा अधिकार आपल्याकडे होता, असाही राज्याचा दावा. वाइजमन यांनी तो फेटाळला. संस्थेच्या अधीक्षकांनी, म्हणजे या रुग्णांच्या कायदेशीर पालकांनी, अनुमती दिली होती, असा त्यांचा युक्तिवाद होता.

१९६८ मध्ये न्यायालयाने प्रदर्शनास मनाई केली आणि प्रती नष्ट करण्यास सांगितले. १९६९ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने हा आदेश सौम्य करून डॉक्टर, वकील, न्यायाधीश, समाजसेवक आणि या क्षेत्रांतील विद्यार्थी यांनाच चित्रपट दाखवण्याची मुभा दिली. सर्वसामान्य नागरिकांना तो पाहण्याची बंदी कायम राहिली. अश्लीलता किंवा देशाची सुरक्षितता ही कारणे नसताना अमेरिकेत चित्रपटावर आलेली अशी बंदी अपवादात्मक मानली जाते.

१९६९ च्याच निकालात आणखी एक अट होती. १९६६ नंतर संस्थेत बदल व सुधारणा झाल्या आहेत, असा खुलासा चित्रपटात समाविष्ट करावा. वाइजमन यांनी आदेश पाळला. चित्रपटाच्या शेवटी, असा खुलासा करण्याचा न्यायालयाचा आदेश आहे, असे सांगणारी पाटी येते आणि पाठोपाठ खुलाशाची पाटी. निवेदन नाकारणाऱ्या दिग्दर्शकाच्या पहिल्याच चित्रपटात स्पष्टीकरणाचे जे एकमेव वाक्य आहे, ते सरकारच्या बाजूने न्यायालयाने घालायला लावलेले आहे.

या वादात कोणाची बाजू खरी, याचे उत्तर वाटते तितके सोपे नाही. राज्याचा हेतू संशयास्पद होता, हे खरे. ज्या रुग्णांना नग्न ठेवले गेले त्यांच्या लज्जेची काळजी नग्न ठेवणाऱ्यांनीच न्यायालयात मांडावी, यात विसंगती आहेच. तरीही प्रश्न संपत नाही. पडद्यावर डिवचला जाणारा तो वृद्ध आपल्या नग्नतेसह जगापुढे यायला तयार होता का? तयार असता किंवा नसता, तरी ते सांगण्याच्या स्थितीत तो होता का? निरीक्षणात्मक माहितीपट संस्थेचे वागणे दाखवतो, पण ते दाखवण्यासाठी त्याला त्या संस्थेच्या कचाट्यात सापडलेल्या दुबळ्या माणसाचा चेहरा लागतो. आपला चेहरा कोणासाठी वापरला जात आहे, हे त्या माणसाला बहुधा शेवटपर्यंत कळत नाही.

दुसऱ्या बाजूला मौनाचीही किंमत असते. १९८७ मध्ये ब्रिजवॉटर येथे मृत्यू पावलेल्या काही रुग्णांच्या कुटुंबीयांनी राज्यावर दावे लावले. चित्रपट लोकांना पाहू दिला असता तर सुधारणा आधीच झाल्या असत्या, असा मुद्दा तेव्हा पुढे आला. १९९१ मध्ये न्यायालयाने बंदी उठवली. एव्हाना बराच काळ लोटला होता, चित्रित झालेल्यांपैकी अनेक जण हयात नव्हते. अभिव्यक्तिस्वातंत्र्याचे पारडे जड ठरले. १९९२ मध्ये तो अमेरिकेच्या सार्वजनिक दूरचित्रवाणीवर प्रथम दाखवला गेला. २०२२ मध्ये अमेरिकी काँग्रेसच्या ग्रंथालयाने जतनयोग्य चित्रपटांच्या राष्ट्रीय सूचीत त्याचा समावेश केला.

वेळ देण्याची सक्ती

वाइजमन यांच्या चित्रपटांची लांबी हा अनेकांच्या तक्रारीचा विषय आहे. बोस्टनमधील रुग्णालयाच्या अतिदक्षता विभागावरचा 'निअर डेथ' (१९८९) जवळजवळ सहा तासांचा आहे. ज्या रुग्णाच्या बरे होण्याची आशा नाही त्याचे कृत्रिम श्वसन थांबवायचे का, हे डॉक्टर, परिचारिका आणि नातेवाईक पुन्हा पुन्हा बोलत राहतात. तीच वाक्ये, थोड्या वेगळ्या शब्दांत. हा प्रसंग दोन मिनिटांत दाखवता आला असता; परंतु दोन मिनिटांत तो निर्णय वाटला असता. प्रत्यक्षात तो निर्णय नसून अनेक दिवस चाललेली घालमेल आहे, आणि घालमेल कळण्यास वेळ लागतो.

न्यूयॉर्कच्या कल्याण कार्यालयावरील 'वेल्फेअर' (१९७५) मध्ये तर प्रतीक्षा हाच विषय आहे. पावणेतीन तास लोक या खिडकीवरून त्या खिडकीकडे पाठवले जातात. कागद अपुरा आहे, पत्ता बदलला आहे, सोमवारी या. कर्मचारीही दुष्ट नाहीत. तेही नियमांत जखडलेले आहेत. शेवटी बाकावर बसलेला एक माणूस जणू देवाशीच बोलतो आणि आपली वाट पाहणे सॅम्युएल बेकेट यांच्या गोदोच्या प्रतीक्षेसारखे असल्याचे सांगतो. लेखकाने हे लिहिले असते तर कृत्रिम वाटले असते. कोणत्याही सरकारी कार्यालयाच्या बाकावर दुपार घालवलेल्या भारतीय नागरिकाला या चित्रपटासाठी वेगळ्या प्रस्तावनेची गरज भासू नये.

असे चित्रपट बाजारपेठेच्या हिशेबात बसत नाहीत. वाइजमन यांनी १९७१ मध्ये आपल्या पत्नीच्या नावाने 'झिपोरा फिल्म्स' ही वितरणसंस्था काढली आणि चित्रपटांचे हक्क स्वतःकडे ठेवले. पैसा मुख्यतः सार्वजनिक दूरचित्रवाणी आणि विविध प्रतिष्ठानांकडून येई. 'स्वतंत्र' या शब्दाचा येथे अर्थ इतकाच, की किती तास आणि कोणता शेवट, हे सांगण्याचा अधिकार दुसऱ्या कोणाकडे नव्हता. २०१४ मध्ये व्हेनिस महोत्सवाने त्यांना जीवनगौरव सुवर्णसिंह दिला आणि २०१६ मध्ये मानद ऑस्कर मिळाले.

भारतातील वाट

भारतात निवेदनाची परंपरा प्रबळ असली तरी निरीक्षणाची वाट अगदीच अपरिचित नाही. मानववंशशास्त्रज्ञ-चित्रपटकार डेव्हिड मॅक्डूगल यांनी डेहराडूनच्या दून स्कूलमध्ये दीर्घकाळ राहून माहितीपट केले. त्यांपैकी 'दून स्कूल क्रॉनिकल्स' २००० मधील. महाराष्ट्रातील जत्रांतून फिरणाऱ्या तंबूतील टुरिंग टॉकीजचा शेवटचा काळ शर्ली अब्राहम व अमित मधेशिया यांनी अनेक वर्षे टिपला आणि त्यांच्या 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स'ची २०१६ मध्ये कान महोत्सवात विशेष दखल घेतली गेली. प्रक्षेपक यंत्राचे गंजलेले भाग, मालमोटारीत चढवलेला तंबू, यंत्र सुरू होईल की नाही याची चिंता, हे सर्व तेथे दिसते.

संमतीचा प्रश्न मात्र भारतात वेगळ्याच दिशेने पुढे आला. खुशबू रांका आणि विनय शुक्ला यांनी आम आदमी पक्षाच्या उदयावर केलेला 'अॅन इन्सिग्निफिकंट मॅन' हा चारशेहून अधिक तासांच्या चित्रणातून घडला. २०१७ मध्ये चित्रपट प्रमाणन मंडळाने त्यात दिसणाऱ्या पंतप्रधान नरेंद्र मोदी, अरविंद केजरीवाल आणि शीला दीक्षित यांची ना हरकत पत्रे मागितली. दिग्दर्शक अपील न्यायाधिकरणाकडे गेले, तेथे चित्रपट मंजूर झाला. सर्वोच्च न्यायालयानेही प्रदर्शनाला स्थगिती देण्यास नकार दिला आणि नोव्हेंबर २०१७ मध्ये तो चित्रपटगृहांत आला. ब्रिजवॉटरमधील रुग्णाची संमती आणि जाहीर सभेत भाषण करणाऱ्या नेत्याची संमती या दोन भिन्न गोष्टी आहेत. पहिल्याला संरक्षणाची गरज असते. दुसरा स्वेच्छेने सार्वजनिक जीवनात आलेला असतो. नियम मात्र अनेकदा दुसऱ्याच्या बाजूने अधिक तत्परतेने धावून येतो. ज्या अपील न्यायाधिकरणाने या चित्रपटाला वाट दिली, ते २०२१ मध्ये रद्द करण्यात आले असून आता अशा दिग्दर्शकांना थेट उच्च न्यायालयाचे दार ठोठवावे लागते.

वाइजमन यांनी वयाच्या नव्वदीच्या सुमारास महापालिकेच्या कारभारावर चित्रपट करण्याचे ठरवले आणि काही शहरांच्या महापौरांकडे परवानगी मागितली. होकार आला तो त्यांच्या स्वतःच्या बोस्टनहून. त्यातून तयार झालेला 'सिटी हॉल' (२०२०) साडेचार तासांचा आहे. कचरा उचलणारी गाडी, अर्थसंकल्पाची बैठक, घरातून काढले जाऊ नये म्हणून भाडेकरूंसाठी चाललेली चर्चा, आणि तक्रार निवारण कक्षातील दूरध्वनी. निवेदन अर्थातच नाही.